कुंदाबाय आणि राखणदाराचा बकरा

माघातला दुसरा सोमवार, सकाळची वेळ. रक्कम रुपये नऊ हजार पाचशे, रोख. हजर: डॉ. कुंदा चोपडेकर, जनावरे पुरवणारा दत्ताराम, मी आणि बकरा.

बकरा काळा, वर्षभराचा, अंगावर एकही पांढरा केस नाही. टेम्पोतून उतरल्याबरोबर त्याने कुंदाबायच्या मांडीवर धडक मारली. त्या मागे कोलमडल्या, सावरल्या, आणि पुढे येऊन त्यांनी त्याची दोन्ही शिंगे धरून त्याला मान पिरगाळत जमिनीवर आडवा केला. बरगड्यांवर गुडघा ठेवून त्याचे दात बघितले, पापणी ओढून डोळा बघितला, मग कातडीवरून हात फिरवत सगळे अंग चाचपले.

"बाय, मरतलो तो!" दत्ताराम ओरडला.

"तो मरत नाय. तू मधी बोललंस तर तू मरतलंस." त्या उठल्या. "खंयसून हाडलंस रे ह्यो? असो बकरो बाजारात गावत नाय."

"पाळी गांवासून. घरात पोसलेलो. पेज घालून वाढयलेलो."

"जखम नाय, डाग नाय, खच्ची केलेलो नाय. माका जाय तसोच." मग माझ्याकडे वळून, "हिशेबवाल्या, पैसे दी तेका."

मी पैसे दिले, सही घेतली. बकऱ्याला पेज घालून कोण कशाला वाढवतो, हे आमच्यापैकी कोणी विचारले नाही.

आमचा कारखाना डिचोलीच्या औद्योगिक वसाहतीत एका जुन्या गोदामात होता. तिथे प्रतिपिंडे, म्हणजे अँटीबॉडी, तयार होत. मी हिशेब बघत असे. विज्ञान मला कुंदाबायनी ओरडून सांगितले तेवढेच कळते. पेशीत कॅल्सिन्युरीन नावाचे एक प्रथिन असते. कॅल्शियम वाढले की ते जागे होते आणि दुसऱ्या प्रथिनांना चिकटलेले फॉस्फेट काढून टाकते. दुसऱ्याचे मूत्रपिंड बसवलेल्या माणसाला ज्या गोळ्या घ्याव्या लागतात, त्यांतल्या काही याच प्रथिनाला दाबून ठेवतात. त्यामुळे ते पेशीत आहे की नाही, असले तर किती, हे संशोधकांना बघायचे असते. ते डोळ्यांना दिसत नाही. त्याला नेमके ओळखून चिकटेल असे प्रतिपिंड लागते, आणि ते जनावराच्या रक्तात तयार होते. प्रथिनाचा तुकडा जनावराला पुन्हापुन्हा टोचायचा. त्याचे रक्त त्या तुकड्याला शत्रू समजून हत्यार बनवते. ते हत्यार आपण काढून घ्यायचे.

"म्हणजे झगडो लावचो आणि खाली बाल्दी धरची," असे त्या सांगत.

झगडा लावणे त्यांना जमत असे. त्या चोपडे गावच्या. बापाची होडी शापोरा नदीत होती आणि लहानपणी जाळे ओढून त्यांचे दंड पुरुषासारखे झाले होते. पुढे शिकल्या, बाहेरगावी नोकऱ्या केल्या, पन्नाशीला आल्यावर परत आल्या. दंड तसेच राहिले. राग आला की हाताला लागेल ते फेकत. खुर्ची, फोन, चहाचा कप, एकदा बर्फाची पेटी. नवीन मुली पहिल्या आठवड्यात रडत, दुसऱ्या आठवड्यात वाकायला शिकत. पण त्यांचा एक नियम होता आणि तो कधी चुकला नाही. मोडलेल्या वस्तूची किंमत त्या महिनाअखेरीस स्वतः विचारायला येत.

"ह्या महिन्यात कितें कितें मोडलंय?"

मी सांगत असे. त्या तिथल्या तिथे भरत. एकदा मी कपाची किंमत धरली नव्हती, तर त्यावरून माझ्यावर स्टेपलर फेकला, आणि दोन्हींचे पैसे दिले.

पाळीच्या रस्त्यावरची गोष्ट डिचोलीत बऱ्याच जणांना ठाऊक आहे. एका खनिजाच्या ट्रकाने त्यांच्या स्कूटरला घासून गटारात घातले आणि चालकाने वरून दात काढले. पुढच्या वळणावर ट्रकांची रांग अडली होती. त्या चिखलाने भरलेल्या, गुडघा फुटलेला, तशाच चालत गेल्या, ट्रकाच्या पायरीवरून त्याचाच जॅकचा दांडा ओढून घेतला आणि समोरचे दोन्ही दिवे फोडले. काच उतरवून बघणाऱ्या चालकाला कॉलर धरून अर्धा बाहेर ओढला आणि दोन मुस्काटात दिल्या. पोलिस आले. पोलिसांसमोर त्यांनी चालकाला विचारले, "दिव्यांचे किती?" त्याने भीतीने कमीच सांगितले. त्या म्हणाल्या, "खोटा सांगू नको. बाजारभाव सांग." भाव कळल्यावर पैसे त्याच्या खिशात कोंबले. मुस्काटांचे दिले नाहीत. "त्यो फुकट," म्हणाल्या.

कॅल्सिन्युरीनच्या नादाला त्या का लागल्या, त्याची सुरुवात एका विकतच्या बाटलीने झाली. करंगळीच्या नखाएवढा द्रव, किंमत बेचाळीस हजार, परदेशातून बर्फात बसून आलेला. परीक्षेची पद्धत अशी असते की पेशीतली सगळी प्रथिने एका पातळ कागदावर आकाराप्रमाणे ओळीत बसवतात आणि त्यावर प्रतिपिंड सोडतात. ते जिथे चिकटेल तिथे काळी रेघ उमटते. कॅल्सिन्युरीनच्या जागी एकच रेघ यायला हवी. त्या बाटलीने चार रेघा उमटवल्या. कुंदाबायनी पुन्हा केले, पुन्हा चार. त्यांनी बाटली जमिनीवर ठेवली आणि टाचेखाली चिरडली.

"चोरी एकान केली आणि साक्षीदार चौघांकडे बोट दाखयता! असलो साक्षीदार कित्याक जाय?"

त्या महिन्यात त्यांनी बेचाळीस हजार भरले. मी म्हटले, ती बाटली वाईटच होती, भरू नका. त्या म्हणाल्या, "वायट आसा म्हणान मी फोडूक जाय, असा खंय लिवलेला आसा?"

मग त्यांनी ठरवले की हे प्रतिपिंड आपण करायचे, एका रेघेचे. ससे वापरून बघितले, दोनदा फसले. म्हापशाला राहणारे आमचे मालक एक दिवस आले आणि सर्वांसमोर म्हणाले, "कुंदाबाय, आता एक बकरा. तोही फसला तर तुमचा विभाग बंद." त्या विभागात त्यांच्यासह सहा माणसे होती. कुंदाबायनी त्या दिवशी काही फेकले नाही, यावरून आम्ही समजलो की घाबरल्या आहेत.

म्हणजे त्या काळ्या बकऱ्यावर सहा घरे उभी होती.

टोचणीत नुसते प्रथिन नसते. ते तेलात घोटतात आणि त्यात मेलेले जंतू घालतात, म्हणजे जनावराचे रक्त चवताळते. बकरा प्रत्येक टोचणीला लाथा झाडी, कुंदाबाय त्याला मिठी मारून जमिनीवर दाबून धरत, आणि दोघेही धापा टाकत उठत. शिव्या एकटीच देई. तिसऱ्या टोचणीनंतर थोडे रक्त घेऊन कागद केला. मी माझ्या मेजावर होतो. आतून आरोळी आली, मग पाठीवर असा धपका बसला की माझा चष्मा उडून पडला.

"रेघ! एकच! बघ रे हिशेबवाल्या!"

मी बघितले. पांढऱ्या कागदावर साठाच्या खुणेपाशी, म्हणजे कॅल्सिन्युरीनच्याच जागी, एक काळी रेघ. त्या धावत मागच्या गोठ्यात गेल्या, बकऱ्याचे तोंड दोन्ही हातांत धरले, आणि त्याने त्यांच्या तोंडावर डोके हाणले. ओठ फुटला. रक्त पुसत त्या दिवसभर हसत होत्या.

पाळीची माणसे आली ती त्यानंतर पाचव्या दिवशी, जत्रा तोंडावर आलेली असताना. पिकअपमधून तिघे उतरले. पुढे पर्शुराम, ट्रकचालक, पण दिवे फुटलेला तो नव्हे. मागे त्याचे दोन चुलतभाऊ, एकाच्या हातात कोयता. गाडीत एक म्हातारी बसून राहिली, ती पर्शुरामची आई, रुकमाय. कुंदाबाय गोठ्याच्या दारात उभ्या राहिल्या, बकऱ्याचा दोर डाव्या हाताला गुंडाळून.

"बाई, आमचो बकरो दी. तुजे पैसे हे घी," म्हणत पर्शुरामने नोटा पायरीवर टाकल्या. मी उचलून मोजल्या. सात हजार. उरलेले अडीच हजार दत्तारामने मधल्यामधे खाल्ले होते, हे मला तिथे कळले.

"इकलेलो बकरो परत मागूक लाज नाय?"

"तो इकूचो नव्हतो! राखणदाराक सांगलेलो!"

हकीकत अशी होती. वर्षापूर्वी पर्शुरामचा खनिजाचा ट्रक उलटला आणि तो केबिनमध्ये चेंगरून अर्धा दिवस अडकला होता. रुकमायने गावच्या राखणदाराला, म्हणजे वेस राखणाऱ्या देवाला, सांगणे केले की लेक जिवंत निघू दे, जत्रेला काळा बकरा देईन. लेक निघाला. तिने पिल्लू आणले, त्याला पेज घालून वाढवले, काट्याचा ओरखडा लागू दिला नाही. देवाला द्यायचा बकरा बिनडागी, बिनजखमी, अंगाने पुरा लागतो. आमच्या प्रयोगशाळेलाही तसाच लागतो. दत्ताराम आमची मागणी घेऊन गावात फिरला तेव्हा त्या मागणीत बसणारा बकरा पंचक्रोशीत तो एकच होता. रुकमाय लेकीच्या बाळंतपणाला वाळपईला गेली होती. पर्शुरामने विचार केला, काळा बकरा दुसरा मिळेल. विकला, आणि दुसरा आणून बांधला. म्हातारी परतली आणि दारातच म्हणाली, "ह्यो तो न्हय. मी पेज घातलेलो मी वळकत नाय?"

हे सगळे पर्शुरामने ओरडत, तोडत सांगितले. समजावण्याची गरज होती ती इथे. ते काम कुंदाबायकडून व्हायचे नव्हते.

"ह्यो बकरो देवाक चलाचो नाय. तेच्या आंगात विख आसा. जत्रेक कापून पोरांक खावक घालतल्यात, मूर्खांनो?"

"देवाच्या प्रसादाक विख म्हणता गो तू?"

"विख म्हणजे विखच! भायर हो!"

पर्शुराम पुढे आला. त्याने त्यांना खांद्याने ढकलले. त्यांचे डोके चौकटीवर आपटले. त्यांनी उजव्या हाताने दाराचा लोखंडी अडसर काढला आणि त्याच्या हातावर मारला. हाड मोडल्याचा आवाज मी आठ-दहा पावलांवरून ऐकला, वाळलेला बांबू मोडतो तसा. तो गुडघ्यावर बसला. दुसऱ्या भावाने त्यांच्या कमरेला मिठी घातली. त्यांनी कोपराने त्याचे नाक फोडले. मी मध्ये पडलो आणि भिंतीवर फेकला गेलो. तेवढ्यात कोयतेवाला दोर तोडायला गेला. बकऱ्याने हिसका दिला. कोयता दोरावर बसला आणि दोराला गुंडाळलेल्या हातावरही.

करंगळी आणि तिच्या शेजारचे बोट शेणात पडले. कुंदाबायनी त्यांच्याकडे बघितले, जणू कोणाची तरी वस्तू पडली आहे. आणि मग उरलेल्या तीन बोटांनी बकऱ्याचे शिंग धरले.

कोयतेवाला कोयता टाकून मागे सरला. त्याचेच ओठ पांढरे पडले होते.

तेव्हा रुकमाय गाडीतून उतरली. लेकाकडे न बघता ती गोठ्यात शिरली. बकऱ्याने तिला ओळखले, तिच्या पोटाला तोंड लावले. तिने सवयीने त्याच्या पाठीवरून हात फिरवला आणि हात थांबला.

"ह्यो कसलो गांठो?"

"सुयेचो," कुंदाबाय प्रयोगशाळेच्या झग्यात हात गुंडाळत म्हणाल्या. त्यांचा आवाज पहिल्यांदा खाली आला होता. "थंय तेल बसलां. आतून पू धरता. खांद्याक आसा, मांडयेक आसा. हात लावून बघ, आवय."

रुकमायने एकेक गाठ दाबून बघितली. तिचा हात काळजीने वाढवलेल्या अंगावरून फिरत होता. मग ती वळली आणि मोडका हात छातीशी धरून बसलेल्या लेकाच्या मुस्काटात मारली.

"देवाचो बकरो इकलंस. आणि आता गांवाच्या पोरांक ह्या खावक घालतलं हुतंस?"

सगळ्यांना त्याच पिकअपमधून इस्पितळात नेले. बोटे मी प्रयोगशाळेतल्या बर्फात घालून घेतली होती. ती जुळली नाहीत. वाटेत मागे पर्शुराम आणि कुंदाबाय शेजारी शेजारी बसले होते आणि प्रत्येक खड्ड्याला एकमेकांवर आपटत होते.

"पलीकडे सर रे! तुजो हात लागता माका."

"माजो हात तूच मोडलंस मां?"

"मोडलंय. भरतलंय."

आणि भरले. प्लास्टर, औषधे, तो गाडी चालवू शकला नाही त्या काळातली मजुरी, सगळे. पायरीवर टाकलेले सात हजार मी इस्पितळातच परत केले. पोलिसांत कोणीच गेले नाही. रुकमाय इस्पितळात येऊन कुंदाबायच्या खाटेपाशी उभी राहिली. "तुज्या बोटांचा आमी कितें भरूचा, बाय?"

"बोटांचो बाजारभाव मी काढूक नाय," कुंदाबाय म्हणाल्या. "तू घरा जा."

ती गेली, पण त्यानंतर दर सोमवारी पर्शुराम गोठ्यात फणसाच्या पाल्याचा भारा आणून टाकू लागला. पहिले काही महिने एका हाताने.

राखणदाराचे मात्र राहिले होते. कौल घ्यायला कुंदाबायना बोलावले, कारण देवाचा बकरा मोडला त्यांनी. मी बरोबर गेलो. पाळीच्या वेशीवरच्या झाडाखाली शेंदूर नाही, मूर्ती नाही, एक ओला दगड. घाडी, म्हणजे गावाच्या वतीने देवाशी बोलणारा माणूस, त्याने दगडाला फुलाच्या पाकळ्या चिकटवल्या आणि विचारले, दुसरा बकरा चालेल का. बऱ्याच वेळाने उजवीकडची पाकळी पडली. चालेल. मग विचारले, पहिल्याचे काय. तो देवाचाच ना? उजवी. त्याच्यावर सुरी चालवायची का? डावी. ज्याने मोडला त्याने तो मरेपर्यंत सांभाळायचा का? उजवी पाकळी लगेच पडली.

कुंदाबाय कुठल्याच देवळात जात नसत. त्या दगडाकडे बघून म्हणाल्या, "बरा. मोडलंय मीया, भरतलंय मीया." दुसरा बकरा त्यांनी स्वतःच्या पैशांनी आणला, आणि प्रसाद न घेता निघून आल्या. मी रक्त किती काढता येईल ते घाडीला विचारा म्हटले, तर म्हणाल्या, "ता तेका नाय, माका कळता." सुया टोचणे चालू राहिले, सुरी लागली नाही. एका रेघेच्या बाटल्या आठ वर्षे विकल्या गेल्या, आणि सहा घरांची चूल त्यावर पेटली.

मग मालकांनी गोदाम विकायचे ठरवले. हे काही बकऱ्याचे अपयश नव्हते; जागेला भाव चांगला आला होता. शेवटच्या आठवड्यात ते स्वतः आले आणि गोठ्यापाशी म्हणाले, "बकऱ्याचे सगळे रक्त एकदम काढून घ्या. वर्षभर विकता येईल. नाहीतरी म्हातारा झालाय."

सगळे म्हणजे जीव जाईपर्यंत. हे त्या धंद्यात नेहमीचे आहे. इतर जनावरांचे कुंदाबायनी स्वतःच्या हाताने केलेले मी बघितले होते.

त्यांनी लोखंडी स्टूल डोक्यावर उचलले. मालक भिंतीला चिकटले, मुली सवयीने वाकल्या. स्टूल वरच राहिले. त्यांच्या तीन बोटांच्या हाताच्या शिरा ताणल्या होत्या. मग त्यांनी ते खाली ठेवले आणि त्यावर बसल्या. इतक्या वर्षांत उचललेली वस्तू त्यांनी खाली ठेवल्याचे मी पहिल्यांदाच बघितले.

"तो तुमचो न्हय, शेट. देवाचो."

"तुम्ही कधीपासून देव मानायला लागलात?"

"मानत नाय. पण शब्द दिलोय." मग माझ्याकडे बघून, "वहीत तेची किंमत किती आसा?"

मी सांगितली, खरेदीचीच. बकऱ्यावर घसारा मी लावला नव्हता; वर्षागणिक त्याची किंमत कमी होते की वाढते, हे मला ठरवता आले नव्हते. मालक स्टुलाकडे बघत म्हणाले, "तेवढीच द्या."

त्यांनी पाकीट काढून पैसे मेजावर ठेवले आणि पावती मागितली. मी नाव घालू लागलो तर त्यांनी माझ्या हातावर चापट मारली. "तुका ठावक नाय बकरो कोणाचो तो?"

बाहेर पर्शुरामची पिकअप उभी होती. बकरा आता जड झाला होता, दाढी पिकली होती. दोघांनी त्याला वर चढवताना त्याने कुंदाबायच्या हनुवटीवर डोके हाणले, कुंदाबायनी त्याच्या मुस्काटात दिली, आणि मग मागे फणसाच्या पाल्यावर त्याच्या शेजारी बसल्या. पर्शुरामने गाडी झटक्याने काढली. "हळू चलय रे, मेल्या! परत हात मोडूक जाय?" एवढे मी ऐकले. गाडी पेडण्याच्या रस्त्याला वळेपर्यंत त्यांचा डावा हात शिंगावर दिसत होता. त्यानंतर त्यांना मी बघितले नाही. चोपड्याला घरामागच्या माडांत बकरा आणखी दीड वर्ष जगला आणि स्वतःच्या मरणाने मेला, असे पर्शुरामने मला बाजारात सांगितले.

पावतीची स्थळप्रत माझ्याकडे आहे. मिळाले रुपये नऊ हजार पाचशे, रोख, काळा बकरा नग एक याबद्दल, कारखान्यास. देणार राखणदार, पाळी. हस्ते कुंदा चोपडेकर.